रिद्धपुरात पाहायचं काय?

जुनं गाव पाहायचं म्हणजे काय पाहायचं, हे माझ्या डोक्यात आधीपासून ठरलेलं असतं. एक नदी, नदीला घाट, घाटावर काळ्या दगडाचं देऊळ, जमलंच तर वर पडका किल्ला आणि या सगळ्यासमोर पुरातत्त्व खात्याची निळी पाटी. अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यातलं रिद्धपूर फार जुनं, फार मोठ्या इतिहासाचं गाव म्हणून ऐकून होते. त्यामुळे एसटीतून उतरल्या उतरल्या मी नदी शोधायला लागले.

"नदी कायले पाह्यजे तुले?" काकू म्हणाल्या. "आंघोळ त करून निंघाली ना घरून!"

काकू आमच्या अकोल्याच्या शेजारीण. त्यांचं घर महानुभाव. मी बँकेत नोकरी करणारी, घरात गणपती आणि देवीचं नवरात्र असलेली. महानुभाव पंथाशी माझा संबंध शाळेत दोन मार्कांपुरताच आला होता : मराठीतला पहिला गद्य ग्रंथ कोणता? लीळाचरित्र. कोणी लिहिला? म्हाइंभटाने. तो 'कुठे लिहिला' असं कुणी विचारलंच नाही, आणि विचारलं असतं तर मी बहुधा पैठण म्हणाले असते. पुढे मराठी भाषा विद्यापीठ रिद्धपुरात होणार अशी बातमी वाचली, तेव्हा पहिला प्रश्न पडला तो हाच की तिथेच का? पुणे-मुंबई सोडा, अमरावतीतसुद्धा नाही, थेट संत्र्यांच्या बागांमधलं हे गाव! काकू स्थानवंदनाला निघाल्या तेव्हा त्यांच्यामागे पिशवी धरून मीही निघाले ती या प्रश्नापायी.

गावात शिरल्यावर समोरून येणारा प्रत्येक जण काकूंना "दंडवत प्रणाम" म्हणत होता. काकू तेच परत म्हणत होत्या. मी सवयीने "नमस्कार" म्हटलं की माणसं हसून मला पुन्हा "दंडवत" म्हणायची. वरून गाव वऱ्हाडातल्या कुठल्याही गावासारखंच. किराणा दुकान, पानटपरी, सिमेंटचा रस्ता, मोटरसायकलवर तिघे. मात्र घरांच्या मधेमधे मठ, आश्रम, मंदिरं, आणि त्यांच्यावर ध्वज. माझा गोंधळ सुरू झाला तो राजमठात.

राजमठ हे इथलं मुख्य ठिकाण. गोविंदप्रभू, ज्यांना पंथात श्रीप्रभू म्हणतात आणि जुन्या पोथ्यांत गुंडम राऊळ, त्यांचं वास्तव्य इथे होतं. मी चप्पल काढली, पदर सावरला, आत गेले आणि मूर्ती शोधू लागले. समोर ओटा होता. लोक त्या ओट्यावर डोकं टेकवत होते. मी ओट्यामागे पाहिलं, बाजूला पाहिलं. काकूंनी माझा दंड धरून मला खाली बसवलं.

तिथल्या एक तपस्विनी, ज्यांना सगळे बाईजी म्हणत होते, त्यांना माझी दया आली असावी. त्या मला घेऊन हिंडू लागल्या. "इथं आसन झालं. इथं आरोगणा. इथं पहुड." मी मान डोलवत होते. आसन समजलं. आरोगणा म्हणजे जेवण हे थोड्या वेळाने समजलं. पहुड म्हणजे झोप. एका ठिकाणी त्या म्हणाल्या, "हे परिश्रयस्थान," आणि तेवढ्याच भक्तीने नमस्कार केला. मीही केला. मग काकूंनी कानात सांगितलं की परिश्रय म्हणजे शौचाला जाणं. मी त्यांच्याकडे बघतच राहिले. पण काकूंच्या चेहऱ्यावर थट्टेचा लवलेश नव्हता.

हळूहळू मला त्यातली रीत लक्षात आली. पंथात परमेश्वराचे अवतार पाच : श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चांगदेव राऊळ, गोविंदप्रभू आणि चक्रधर. इतर देवतांची पूजा नाही. पण हे अवतार जिथे बसले, जेवले, झोपले, चालले, त्या जागेला त्यांचा 'संबंध' झाला, म्हणून ती जागा वंद्य. मग जेवणाच्या जागेला मान द्यायचा आणि परिश्रयाच्या जागेला द्यायचा नाही, असं करायला कारण काय? तर्क बिनतोड आहे. मी आयुष्यभर ज्या स्मारकांपुढे उभी राहिले, त्यांपैकी बहुतेक ठिकाणी कुणीतरी लढाई जिंकलेली होती किंवा कुणीतरी मारला गेला होता. इथे एक माणूस दुपारी झोपला होता, आणि ती जागा सातशे वर्षं लोकांनी धरून ठेवली आहे.

धरून ठेवली कशी, याचं उत्तर म्हणजे स्थानपोथी. चौदाव्या शतकातला हा ग्रंथ मुनिव्यासांच्या नावावर आहे. चक्रधर आणि गोविंदप्रभू ज्या ज्या गावी गेले, त्या गावातलं देऊळ कोणत्या दिशेला, त्याचं दार कोणीकडे, त्याच्या कोणत्या अंगाला आसनाचं स्थान, तिथून पुढे कोणतं, अशी नोंद. गोष्ट नाही, वर्णन नाही, अलंकार तर नाहीच. विद्वान लोक आज यादवकाळातल्या गावांची आणि देवळांची रचना ताडून पाहायला हाच ग्रंथ उघडतात. मला ती बाईजींनी दाखवली तेव्हा वाटलं, चला, आता आपण स्वतः शोधू. पण पोथी ज्या देवळाच्या ईशान्येला म्हणते ते देऊळच आज उभं नसलं, तर ईशान्य मोजायची कुठून? तिथे पोथी थांबते आणि बाईजींसारख्या माणसांची पाठांतरं पुढे नेतात. एका गल्लीत मी पोथीप्रमाणे उजवीकडे वळले आणि कुणाच्या तरी गोठ्यात पोचले. म्हैस माझ्याकडे बघत होती. काकू पलीकडच्या ओट्यावरून हाका मारत होत्या.

गोविंदप्रभूंबद्दल ऐकू लागले तसा माझा 'संत' या कल्पनेचाच घोळ झाला. जवळच्या काटसुऱ्यात बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात त्यांचा जन्म. आईवडील लहानपणीच गेले, नातेवाइकांनी रिद्धपुरात आणून वाढवलं. मग जवळजवळ सगळं आयुष्य याच गावात. प्रवचन नाही, अभंग नाही, ग्रंथ नाही. पोरांबरोबर रस्त्यात खेळायचं, मनात येईल त्या घरात शिरायचं, शिंक्यावरचं काढून खायचं, स्वतःशीच बोलायचं, खदखदून हसायचं, अंगावर ओरडायचं. ब्राह्मणाचं घर आणि मातंगाचं घर यांत त्यांनी फरक केला नाही. अस्पृश्य वस्तीच्या पाण्याची अडचण त्यांनी दूर केल्याची लीळाही आहे. गावातले काही त्यांना वेडा म्हणत, आणि तेच लोक आपल्या अडचणी घेऊन त्यांच्याकडेच जात. आजचा एखादा पालकमंत्री किंवा एखादा बुवा अशा माणसापुढे काय करेल, कोण जाणे. तेराव्या शतकातल्या रिद्धपूरने मात्र त्यांना सांभाळलं.

आणि मग बाईजींनी जी जागा दाखवली तिथे मी सगळ्यात जास्त वेळ थांबले. पोथीच्या भाषेत रांधवणहाट, म्हणजे शिजवलेलं अन्न विकणारा बाजार. गुजरातेतल्या भडोचच्या प्रधानाचा मुलगा हरपाळदेव रामटेकच्या यात्रेला म्हणून निघाला आणि वाटेत रिद्धपूरला आला. गोविंदप्रभू त्या हाटात शेंगोळे खात होते. हातातला उरलेला घास त्यांनी या परक्या यात्रेकरूला दिला. पंथाच्या श्रद्धेनुसार त्या घासाबरोबरच ज्ञानशक्ती दिली गेली आणि हरपाळदेवाचे चक्रधर झाले. यात श्रद्धेचा भाग कोणाचा किती, तो ज्याचा त्याने ठरवावा. मला एवढंच दिसत होतं की पुढे मराठी गद्याची जी सगळी ओळ लागते, ती इथून, एका खाऊगल्लीतून निघते. गुजराती मातृभाषेचा हा माणूस नंतर महाराष्ट्रभर पायी फिरला आणि मराठीत बोलला. "शेंगोळे आमच्या घरी थंडीत होतात," मी म्हटलं. काकू म्हणाल्या, "मंग? आमच्याकडं का नाही होत?"

चक्रधर उत्तरापंथे, म्हणजे उत्तरेकडे निघून, गेल्यावर (पंथात असंच म्हणतात) त्यांचे शिष्य नागदेवाचार्य उर्फ भटोबास आणि बाकीची मंडळी रिद्धपूरला येऊन गोविंदप्रभूंच्या सेवेत राहिली. त्यांत महदाइसा होती, भटोबासांची चुलत बहीण. गोविंदप्रभू तिच्याकडे धिरड्यांचा हट्ट धरत. एकदा त्यांना आपलं लग्न लावून घ्यायची लहर आली, तर तिने लग्नात म्हणायचे धवळे रचले, कृष्ण-रुक्मिणीच्या विवाहाचे. मराठीतली पहिली ज्ञात कवयित्री ती हीच. एका म्हाताऱ्या, लहरी माणसाची हौस पुरवायला म्हणून मराठीतलं स्त्रीचं पहिलं काव्य जन्माला आलं! माझ्या पाठ्यपुस्तकात तिचं नाव होतं, साल होतं. लग्नाची ही गंमत नव्हती. का नव्हती, याचा मला अजून राग आहे.

त्याच मंडळींत म्हाइंभट. सराळ्याचा गर्विष्ठ पंडित, चक्रधरांशी वाद घालायला गेला आणि शिष्य होऊन बसला. चक्रधर नसल्याच्या दुःखात त्यांच्या आठवणी गोळा करायचं त्याने मनावर घेतलं. ज्याने जे पाहिलं, ऐकलं, त्याच्याकडे गावोगाव जाऊन तो विचारत गेला आणि भटोबासांकडून खातरजमा करून घेत गेला. हे ऐकताना मात्र मला एकदम घरी आल्यासारखं वाटलं, कारण आमच्या बँकेत संध्याकाळी व्हाउचर आणि खातं जुळल्याशिवाय कुणी उठत नाही, आणि हा माणूस आठवणींचं तेच करत होता. रिद्धपुरातल्या वाजेश्वरी या ठिकाणी बसून त्याने लीळाचरित्र लिहिलं. परंपरेने साल सांगतात ते शके १२००, म्हणजे इ. स. १२७८. एकांक, पूर्वार्ध, उत्तरार्ध असे त्याचे भाग. गोविंदप्रभूंचं चरित्रही पुढे त्यानेच लिहिलं.

वाजेश्वरीला मी काहीतरी भव्य असेल या आशेने गेले. भव्य काही नाही. मराठी माणसाने एवढी वर्षं इथे एक धड वाचनालयसुद्धा का उभं केलं नाही, असं मी पुटपुटले, तर बाईजी शांतपणे म्हणाल्या की मूळ पोथीसुद्धा राहिली नाही, वाचनालयाचं काय घेऊन बसलात. चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला खिलजींच्या फौजा आल्या, त्या धामधुमीत म्हाइंभटाची मूळ प्रत गेली. हिराइसा नावाच्या बाईला सगळं मुखोद्गत होतं. तिच्या आणि इतरांच्या आठवणीतून ग्रंथ पुन्हा लिहिला गेला, म्हणून आज त्याचे वेगवेगळे पाठ मिळतात. म्हणजे आधी आठवणींतून ग्रंथ, मग ग्रंथ जाऊन पुन्हा आठवणी, आणि त्यातून पुन्हा ग्रंथ.

एवढ्यावर थांबलं असतं तर ठीक होतं. बाईजींनी एक जुनी पोथी उघडून पुढे केली आणि म्हणाल्या, "वाचा." अक्षरं देवनागरीसारखीच, पण काहीच्या काही शब्द. मला वाटलं डोळे गेले. ती सकळ लिपी होती. महानुभावांनी आपल्या ग्रंथांसाठी अशा सांकेतिक लिप्या केल्या, ज्यांत एका अक्षरासाठी दुसरंच चिन्ह येतं. सकळ लिपीचं श्रेय रवळोबासांना देतात. कोणी म्हणतं गुप्ततेसाठी, कोणी म्हणतं पवित्र ग्रंथ अनधिकाऱ्याच्या हाती पडू नये म्हणून. परिणाम असा की मराठीतलं सगळ्यात जुनं गद्य शतकानुशतकं मठांच्या पेट्यांत होतं आणि बाहेरच्या मराठी माणसाला त्याचा पत्ता नव्हता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाड्यांनी लिपीची उकल केली. मग यवतमाळचे य. खु. देशपांडे, ह. ना. नेने, वि. भि. कोलते अशा लोकांनी एकेक ग्रंथ छापून बाहेर काढला. कोलत्यांनी संपादित केलेलं लीळाचरित्र राज्याच्या साहित्य संस्कृती मंडळाने १९७८ साली काढलं, म्हणजे परंपरेचं साल धरलं तर ग्रंथाच्या सातशेव्या वर्षी.

माझा भाचा जर्मनीत हायडेलबर्गला असतो. नेकार नदीच्या काठचं ते गाव मी त्याच्या व्हिडिओत इतक्यांदा पाहिलंय की मला तिथले वळणरस्ते पाठ आहेत. १७८८ साली पुरा झालेला दगडी पूल, वर फ्रेंच फौजांनी १६८९ आणि १६९३ मध्ये उद्ध्वस्त केलेला किल्ला, १३८६ सालचं विद्यापीठ, आणि प्रत्येक भिंतीवर पाटी. कुठल्याही नवख्याला तासाभरात सगळं कळतं. रिद्धपुरातून मी त्याला ओट्याचा फोटो पाठवला, तर उत्तर आलं : "मामी, हे काय आहे?" आता त्याला काय सांगायचं! पण त्याच्या गावाचा आणि या गावाचा एक धागा आहे, आणि तो त्यालाही ठाऊक नव्हता. हायडेलबर्गच्या दक्षिण आशिया संस्थेत ग्युंथर सोन्थायमर हे प्राध्यापक होते. बिरोबा, म्हसकोबा, खंडोबा यांच्यावर त्यांनी जर्मनमध्ये पुस्तक लिहिलं. त्याचा इंग्रजी अनुवाद ॲन फेल्डहाउस या अमेरिकी विदुषीने केला. आणि याच फेल्डहाउसबाईंनी म्हाइंभटाचं गोविंदप्रभूचरित्र इंग्रजीत नेलं. 'द डीड्स ऑफ गॉड इन ऋद्धिपूर' या नावाने ते १९८४ साली ऑक्सफर्डने प्रकाशित केलं. हायडेलबर्गच्या ग्रंथालयात माझ्या भाच्याला रिद्धपूर सापडेल. अकोल्यात मला ते चाळिशीनंतर सापडलं.

रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या आधी काही नव्हतं असं मात्र समजू नये, आणि हे मला गावात नव्हे, घरी येऊन वाचल्यावर कळलं. इथे सापडलेले ताम्रपट आहेत, तेही पाचव्या शतकातले. एक वाकाटक राणी प्रभावतीगुप्ता हिचा. ती गुप्त सम्राट दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी, विदर्भाच्या रुद्रसेनाची राणी. नवरा लवकर गेल्यावर मुलाच्या नावाने तिनेच राज्य चालवलं. रिद्धपूरचा ताम्रपट तिचा मुलगा दुसरा प्रवरसेन याच्या कारकिर्दीच्या एकोणिसाव्या वर्षातला आहे आणि दान दिलंय ते रामगिरीच्या, म्हणजे रामटेकच्या, स्वामींच्या चरणांपाशी. दुसरा ताम्रपट नल वंशातल्या भवत्तवर्मन राजाचा, रामटेकजवळच्या नंदिवर्धनातून दिलेला. हरपाळदेव रामटेकला निघाला होता हे आठवलं आणि मी पुन्हा नकाशा काढून बसले. रामटेक आणि रिद्धपूर यांच्यात येणंजाणं किती जुनं असेल! पण यावर जास्त बोलायला मला संस्कृत येत नाही आणि ब्राह्मीही नाही, म्हणून इथेच थांबते. एवढं खरं की गावात फिरताना कुणीही मला प्रभावतीगुप्तेचं नाव सांगितलं नाही. गावाच्या आठवणीत राणी नाही, शेंगोळे आहेत.

मराठी भाषा विद्यापीठाचं म्हणाल तर त्याची घोषणा २०२३ च्या राज्याच्या अर्थसंकल्पात झाली. सदानंद मोरे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली आणि २०२४ मध्ये अविनाश आवलगावकर पहिले कुलगुरू झाले. ते स्वतः महानुभाव साहित्याचे अभ्यासक. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. बातमी वाचताना पडलेल्या माझ्या 'तिथेच का'ला उत्तर मिळालं होतं. तरी एक शंका राहते. आपल्याकडे घोषणा मोठ्या आणि इमारती लांबतात. पण भाषेचं शिक्षण या गावात विद्यापीठाची वाट पाहत थांबलेलं नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलं.

झालं असं की परतायच्या आधी एका आश्रमात चहा घेताना एक तरुण साधू भेटला. उंच, गोरा, आणि हिंदीला वेगळाच हेल. पंजाबचा निघाला. महानुभाव पंथ पंजाबात जयकृष्णी नावाने ओळखला जातो आणि एके काळी तो पेशावर, काबूलपर्यंत पोचला होता. पंथाचे ग्रंथ मराठीत, म्हणून धर्म शिकायचा तर मराठी शिकावी लागते. हा मुलगा त्यासाठीच इथे आलेला. शिकतोय ती आपण बोलतो ती मराठीही नव्हे, थेट यादवकाळातली. त्याने लीळाचरित्राचं पान उघडून घडाघडा वाचलं आणि पुस्तक माझ्याकडे सरकवलं. "आप तो मराठी हैं. पढ़िए."

मी वाचायला लागले. तिसऱ्या शब्दाला त्याने थांबवलं, ऱ्हस्वदीर्घ सुधारलं. पाचव्याला पुन्हा. एका क्रियापदाचा अर्थ मला लागेना, तो त्याने हिंदीत समजावून सांगितला. काकू पदरात तोंड लपवून हसत होत्या. "अवं, तिची दहावी अकोल्यातच झाली, मराठी मिडीयममधी," त्यांनी त्याला सांगितलं. त्याने गंभीरपणे मान हलवली आणि मला पहिल्या ओळीपासून पुन्हा वाचायला लावलं. शेवटची एसटी कितीला आहे हे विचारायला काकू मधेच उठल्या, पण मी अजून दुसऱ्या वाक्यावरच होते.